बोळातली बाज, जैसे थे

आमच्या इंदिरानगरातल्या घराच्या आणि शेजारच्या घराच्या मधोमध एक बोळ आहे. रुंदी सव्वाचार फूट. हे मी अंदाजाने सांगत नाही, कोर्टाच्या कागदावर तसं लिहिलेलं आहे. माझी उंची कोणत्याही सरकारी कागदावर सापडायची नाही, पण आमच्या बोळाची रुंदी नोंदलेली आहे, आणि तिच्याकडे वाकड्या नजरेने पाहायची कुणाची छाती नाही.

बोळ दोन्ही घरांचा. बांधकामाच्या वेळी दोघांनी आपापल्या जागेतून दोन-दोन फूट सोडले, मागच्या अंगणात जायला वाट राहावी म्हणून. उरलेले तीन इंच कोणाचे, हा प्रश्न तीस वर्षं कोणालाच पडला नाही, कारण तीस वर्षं दोन्ही घरचे पुरुष नोकरीला जात होते. घात झाला तो ते निवृत्त झाल्यावर.

माझे सासरे पाटबंधारे खात्यात कारकून होते. कागदावर असेल तेच खरं, अशी त्यांची श्रद्धा. शेजारचे काका अंबडच्या एका कारखान्यात माल तपासायचे. केसाएवढा फरक दिसला तरी नग बाद. एकाचा विश्वास कागदावर, दुसऱ्याचा मापावर. अशी दोन माणसं सकाळपासून संध्याकाळपर्यंत घरात मोकळी सोडली आणि मध्ये एक बोळ ठेवला, तर पुढे काय होणार ते सांगायला ज्योतिषी लागत नाही.

सासऱ्यांनी बोळात पेव्हर ब्लॉक बसवायचं काढलं. काका कंपाउंडवरून डोकावले.

"ब्लॉक बसले की लेव्हल दोन इंच वर येणार. पावसाचं पाणी सरळ माझ्या ओट्यावर."

"पाण्याचं मला सांगता? छत्तीस वर्षं पाटबंधाऱ्यात काढली मी."

"टेबलावर काढलीत. टेबलावर पाणी पेल्यातच असतं."

झालं. दुसऱ्या दिवशी काकांनी बोळाच्या तोंडाशी लोखंडी गेट बसवायला फॅब्रिकेटर बोलावला, आणि तिसऱ्या दिवशी सासरे पांढरा शर्ट इस्त्री करून वकिलाकडे गेले. लग्नाच्या बोलणीलासुद्धा ते इतक्या उत्साहाने गेले नसतील, असं सासूबाई म्हणाल्या, आणि त्यांना ठाऊक असणारच, कारण लग्न त्यांचंच होतं.

माझं माहेर मनमाडचं. आम्ही रेल्वे क्वार्टरमध्ये वाढलो. तिथे भिंत सामायिक, नळ सामायिक, भांडणंसुद्धा सामायिक, आणि कोणाची वाट आधी यावर वाद झाला तर एक जण थांबायचा नि दुसरा जायचा, गाड्या जातात तशा. त्यामुळे चार फुटांच्या वाटेसाठी शिक्का मारलेला दावा दाखल होतो हे पाहून मला जो आनंद झाला तो मी लपवला नाही. सिनेमा घरबसल्या चालू झाला होता.

त्या दिवसापासून आमच्या घरात "शेजारचे काका" हे शब्द बंद. सासरे म्हणत, "प्रतिवादींचा टीव्ही फार मोठ्याने लागतो." पलीकडून काका काकूंना सांगत, "वादींची मोरी तुंबलीय, वास येतोय." वादी आणि प्रतिवादी एकाच दूधवाल्याकडून दूध घेत, एकाच वेळी गेटशी येत, आणि दूधवाल्याच्या डोक्यावरून आकाशाकडे बघत.

कोर्टाने आपलं काम शहाणपणाने केलं. ब्लॉकही नको, गेटही नको. दोघांनाही तात्पुरती मनाई. शिवाय जागेची पाहणी करायला एक वकील कमिशनर म्हणून नेमले. ते येऊन बोळ जसा पाहतील, तसाच तो पुढच्या हुकुमापर्यंत ठेवायचा. याला म्हणतात जैसे थे.

आता नेमका महिना एप्रिल. आणि एप्रिलात आमच्या बोळात काय असतं, ते दोन्ही पुरुषांना तीस वर्षं दिसत होतं, पण कधी लक्षात आलं नव्हतं. बोळात असते बाज. तिचा सांगाडा काकूंच्या माहेरून आलेला, नवार सासूबाईंनी विणलेली. दर उन्हाळ्यात दोघी मिळून गहू भिजवायच्या, तीन दिवसांनी वाटून त्याचं सत्त्व काढायचं, पहाटे शिजवून त्याचा पांढराशुभ्र चीक करायचा, आणि गरम असतानाच सोऱ्यातून त्याच्या कुरडया घालायच्या, त्या बाजेवर. मग बाजेच्या टोकाशी दोन खुर्च्या टाकून, काठीने कावळे हाकत, संध्याकाळपर्यंत बोलत बसायचं. कुरडया हे निमित्त. बोलणं हा मुख्य पदार्थ. केस चालू झाल्यावरही यात खंड पडला नव्हता. दोघींच्या मते केस ही त्यांच्या नवऱ्यांची होती, जशी दाढी.

कमिशनर साडेदहाला आले तेव्हा बाज भरलेली होती आणि दोघी जागेवर होत्या. सासरे फाइल छातीशी धरून उभे, काका टेप उघडून सज्ज. काकूंनी पाहुण्याला चिकाची वाटी दिली, दूध-साखर घालून. आता एका पक्षाचं खाल्लं म्हणजे दुसऱ्यावर अन्याय. म्हणून सासूबाईंनी आमच्या घरची वाटी दिली, तेल-तिखट घातलेली. कमिशनरांनी दोन्ही वाट्या सारख्याच निष्ठेने संपवल्या. इतका निःपक्षपाती माणूस मी पाहिला नाही. मग त्यांनी कागद काढला आणि जे दिसलं ते सगळं लिहिलं. अगदी सगळं.

त्या अहवालाची झेरॉक्स आमच्या घरी आहे. भाग तीन मला पाठ आहे. "बोळाच्या तोंडापासून आत नऊ फूट सात इंच अंतरावर एक लाकडी बाज. लांबी सहा फूट, रुंदी अडीच फूट. तीवर पांढरे सुती कापड व कुरडया वाळत घातलेल्या. बाजेच्या रस्त्याकडील टोकाशी दोन प्लास्टिकच्या खुर्च्या. त्यांवर दोन वयस्कर स्त्रिया बसलेल्या. पैकी एकीच्या हातात काठी. विचारणा केली असता कावळ्यांकरिता असल्याचे सांगितले." नकाशाही होता. त्यात बाज म्हणजे एक चौकोन आणि दोघी म्हणजे दोन फुल्या.

त्या संध्याकाळी आमच्या वकिलांनी फोनवर सासऱ्यांना सांगितलं, "साहेब, आता बोळात काडी इकडची तिकडे करू नका." काकांनाही त्यांच्या वकिलांनी असंच काही सांगितलं असावं. वकील बोलण्याच्या ओघात बोलले. पण ऐकणारे कोण होते? एक कागदवाला, एक मापवाला. काडी हलवायची नाही म्हणजे बाज तर नाहीच नाही.

तिसऱ्या दिवशी कुरडया वाळल्या. कुरडईला कोर्टाचं काही कळत नाही. ती वाळली की वाळली. दोघींनी त्या नेहमीसारख्या डब्यात भरल्या, तर दोन्ही बाजूंनी आरडाओरडा.

"अगं, पुरावा काढलास!"

"खायचा पुरावा आहे तो," सासूबाई म्हणाल्या. "पावसाळ्यात तळून देईन, तेव्हा सादर करा."

मग दोन्ही पुरुषांनी, आयुष्यात पहिल्यांदाच न ठरवता एकमत करून, आपापल्या बायकोला ताकीद दिली. आजपासून बोळात पाऊल टाकायचं नाही. पलीकडच्यांशी बोलायचं नाही. बोललेला प्रत्येक शब्द उद्या आपल्यावर उलटू शकतो. काकांच्या मते तर पलीकडच्या घरचा चहा हासुद्धा फितवण्याचा प्रकार होता.

बाज राहिली. पाऊस आला तेव्हा दोघे आपापल्या ओट्यावर छत्री घेऊन तिच्याकडे पाहत उभे. ताडपत्री टाकावी, तर ताडपत्री अहवालात नाही. न टाकावी, तर बाज कुजणार. शेवटी ती भिजली, वाळली, परत भिजली. तिच्यावर शेवाळ आलं. सासरे म्हणाले, शेवाळ नैसर्गिक आहे, त्याला कोणी जबाबदार नाही. आम्ही बाकीचे पुढच्या दाराने जाऊ लागलो. मागून जायचंच झालं तर बाजेच्या कडेने पोट आत घेऊन, भिंतीला पाठ लावून, आडवे. माझ्या नवऱ्याला ते जमेना. त्याच्या पोटानेही बहुधा जैसे थे हुकूम घेतला होता.

इथवर सगळी मजाच होती, आणि मी ती पुरेपूर लुटली. मग थंडीत सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं.

आमच्या घराला पुढे पाच पायऱ्या आहेत, चांगल्या उंच. पुराचं पाणी घरात येऊ नये म्हणून सासऱ्यांनी जोतं मुद्दाम उंच घेतलेलं. पूर तीस वर्षांत आला नाही. मागचं अंगण चढावर असल्याने मागचं दार मात्र जमिनीला टेकलेलं, आणि तिथून बोळ हलक्या उतारावर सरळ रस्त्यापर्यंत जातो. हातात वॉकर असलेल्या बाईला घराबाहेर पडायला ही एकच वाट. आणि त्या वाटेत बाज. वॉकर दोन फूट रुंद. बाजेच्या दोन्ही कडांना उरते साडेदहा-साडेदहा इंच जागा.

हॉस्पिटलमधून आल्या तेव्हा नवऱ्याने आणि रिक्षावाल्याने त्यांना खुर्चीत बसवून पायऱ्या चढवल्या. नंतर रोज तसंच खाली नेऊ म्हटलं, तर म्हणाल्या, "मिरवायला मी काय गणपती आहे? एकदा झालं ते पुरे." डॉक्टरांनी सांगितलं होतं, रोज बाहेर चाला, नाहीतर गुडघा आखडेल. त्या मागच्या अंगणात दाराशी उभ्या राहायच्या, बाजेपर्यंत चार पावलं टाकायच्या आणि परत फिरायच्या. चार जायला, चार यायला. मी सासऱ्यांना म्हटलं, बाबा, बाज काढू या. ते कळवळून म्हणाले, "मला काय आनंद होतो का? पण कोर्टाचा अवमान झाला तर? प्रतिवादी टपलेत." काकूंनी तिकडे हेच विचारलं असणार, आणि "वादी टपलेत" हे उत्तर त्यांनाही मिळालं असणार.

मी मधल्या मध्ये भाजीच्या वाट्या पोचवायची. वाटीवर बंदी आहे असं कोणी स्पष्ट म्हटलं नव्हतं. एकदा काकूंनी विचारलं, "गुडघा दुखतो का गं त्यांचा?"

मी घरी येऊन विचारलं. सासूबाई वाटीतली मेथी बघत होत्या.

"म्हणावं, गुडघा नाही दुखत. बाकी सगळं दुखतं."

हे मी काकूंना सांगितलं. काकूंनी वाटी घासली, पुसली, परत घासली. "आता कधी भेटू कोणास ठाऊक," त्या म्हणाल्या. दोन घरांत अंतर सव्वाचार फूट.

मार्च संपत आला. एके दुपारी सासूबाई म्हणाल्या, "ती झेरॉक्स आण. भाग तीन वाच."

मी वाचला. आवाजात चढउतार घेऊन, कारण संधी रोज येत नाही. त्या डोळे मिटून ऐकत होत्या. "फुल्या कुठे आहेत म्हणालीस?"

"बाजेच्या पलीकडे. रस्त्याच्या बाजूला."

"म्हणजे मी पलीकडे आहे."

"कागदावर आहात."

"ह्यांना कागदच तर लागतो," त्या म्हणाल्या, आणि वर्षभरात पहिल्यांदा मी त्यांना दात दाखवून हसताना पाहिलं. "काकूंकडे जा. कोथिंबिरीची वाटी ने. म्हणावं, गहू भिजत घाला."

चौथ्या दिवशी पहाटे काकूंच्या स्वयंपाकघरात चीक शिजला. वास बोळातून आमच्याकडे आला. सासूबाई चांगलं पातळ नेसल्या, वॉकर घेतला आणि मागच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या. पलीकडे बोळाच्या तोंडाशी काकू आल्या, दोन खुर्च्या आणि काठी घेऊन. दोन्ही पुरुष चहाचे कप हातात घेऊन बाहेर धावले.

"अहो," सासूबाईंनी हाक मारली, ती अशी की दोन्ही पुरुषांनी आपल्यालाच म्हणून मान वर केली. "तुम्ही दोघांनी वर्षभर कोर्टाचा हुकूम मोडलाय. माहितीय का?"

"आम्ही?" सासरे म्हणाले. "काडी हलवली नाही आम्ही!"

"काडीचं राहू द्या. त्या बाजेवर कुरडया कुठायत? कापड कुठाय? काठी कुठाय? आणि दोन बायका लिहिल्यात कमिशनरांनी. तुम्ही दोघांनी त्या हटवल्यात. घरात कोंडून ठेवल्यात. हे जैसे थे?"

सासऱ्यांचा कागद त्यांच्यावरच उलटला होता. त्यांनी फाइल आणली, भाग तीन वाचला, चष्मा पुसून परत वाचला. काका पलीकडून म्हणाले, "मोठ्याने वाचा." गेल्या वर्षात काका सासऱ्यांशी थेट बोलले ते हे पहिलं वाक्य.

सासऱ्यांनी मोठ्याने वाचलं. काकांनी नकाशा मागितला. फुल्यांवर बोट ठेवून ते बराच वेळ पाहत राहिले. नग बाद करताना त्यांचा चेहरा असाच होत असावा.

"बरोबर आहे," ते शेवटी म्हणाले. "ह्यांची फुली बाजेच्या पलीकडे आहे. ह्या अलीकडे उभ्या आहेत. पंधरा फुटांचा फरक आहे."

"मग मला पलीकडे जाऊ द्या," सासूबाई म्हणाल्या. "वॉकर बाजूने जात नाही."

"म्हणजे बाज उचलावी लागेल," सासरे घाबरून म्हणाले.

"उचलून, ह्या गेल्या की परत त्याच जागी," काका म्हणाले. "नऊ फूट सात इंच. मी माप घेतो. तुम्ही लिहून ठेवा."

तर मंडळी, हे दृश्य मी उभ्या आयुष्यात विसरणार नाही. डोक्याशी वादी, पायथ्याशी प्रतिवादी, दोघांचे हात शेवाळाने हिरवे, आणि तोंडाने "सावकाश हं", "माझ्याकडे वजन येतंय", "अहो, जरा कलती करा". बाज भिंतीला कलती उभी केली. सासूबाई वॉकर टेकत मधून गेल्या. टक टक टक. चार पावलांनंतर त्या थांबल्या नाहीत. पाचवं टाकलं, सहावं टाकलं. बाजेची जागा ओलांडली, काकूंनी मांडलेल्या खुर्च्यांपाशी आल्या. मला वाटलं आता बसतील.

त्या बसल्या नाहीत. काकूंनी काठी खुर्चीवर ठेवली, त्यांच्या दंडाला हात दिला, आणि दोघी बोळाच्या बाहेर, रस्त्यावर गेल्या.

"अगं, कुठे?" सासरे ओरडले.

"येतो जरा," काकू मागे न पाहता म्हणाल्या. "रसवंतीपर्यंत. वर्षाचं बोलायचंय."

दोघांनी बाज जागेवर ठेवली, माप घेतलं. मग काकांच्या लक्षात आलं. "वहिनी नाहीत, ही नाही. म्हणजे अहवालाप्रमाणे परत तफावत."

"आणि कुरडया नाहीत," मी म्हणाले. मला राहवेना. "काका, चीक आत गरम आहे. गार झाला की दगड होईल. मग पुढच्या हुकुमापर्यंत कुरडया नाहीत."

"तू घाल," सासरे म्हणाले.

"मी अहवालात नाही, बाबा."

त्या सकाळी वादी आणि प्रतिवादींनी बाज घासून धुतली, पांढरं कापड अंथरलं आणि कुरडया घातल्या. सोऱ्या काकांच्या हातात होता, चीक भरायला सासरे. पहिल्या कुरडईचा आकार गोदावरीच्या नकाशासारखा झाला. दुसरी जरा बरी. पाचव्यापासून काकांनी टेप लावून व्यास सारखा ठेवायला सुरुवात केली. "चीक कमी भरता तुम्ही." "तुम्ही दाबता जास्त." "अहो, मनगट फिरवायचं असतं." "तीस वर्षं शेजारी बसून पाहिलं का कधी?" "तुम्ही पाहिलंत?" दोघांनीही पाहिलं नव्हतं. मध्येच सासऱ्यांनी बोटावरचा चीक चाटला आणि थोडा काकांच्या तळहातावर ठेवला. फितवण्याचा प्रकार काकांनी खाऊन टाकला.

बाज भरली तोवर ऊन चढलं होतं आणि पहिला कावळा कंपाउंडवर येऊन बसला होता. दोघी अजून आल्या नव्हत्या. काकांनी काठी उचलली. सासऱ्यांनी नकाशा पाहिला, खुर्ची दोन इंच सरकवली. मग दोघे दोन फुल्यांच्या जागी बसले. अहवालाची पूर्तता करायला.

सासूबाई साडेअकराला परतल्या. गाल लाल, ओठांवर उसाच्या रसाचा फेस. वॉकर काकूंनी हातात धरलेला आणि सासूबाईंचा हात काकूंच्या खांद्यावर. त्यांनी बाजेकडे पाहिलं, त्या वेड्यावाकड्या कुरडयांकडे पाहिलं, खुर्च्यांवरच्या दोघांकडे पाहिलं.

"उठू नका," त्या म्हणाल्या. "छान दिसताय. आम्ही आणखी एक चक्कर मारून येतो."

केस अजून चालू आहे. पुढची तारीख पावसाळ्यात आहे. सासऱ्यांनी मध्यंतरी तडजोडीचा मसुदा लिहायला घेतला होता, तो अजून लिहून पुरा होत नाही. रोज सकाळी बाज उचलतात, सासूबाई जातात, बाज ठेवतात, माप घेतात. सासूबाई आता वॉकर घरीच विसरतात आणि बाजेच्या कडेने अंग चोरून सहज जाऊ शकतात, हे मी पाहिलं आहे. पण दोघे बाज उचलत असताना त्या मुद्दाम थांबतात आणि मग सावकाश, साम्राज्ञीसारख्या, मधून जातात.